हौशी की व्यावसायिक: वजनकाट्याने दिलेला कौल

बॉक्सिंगमध्ये पंचवीस-तीस लढती गाठीशी असलेल्या मुलीपुढे हा प्रश्न कधी ना कधी येतोच: हौशी गटात राहून ऑलिंपिकची वाट धरायची, की करारावर सही करून व्यावसायिक रिंगमध्ये उतरायचे? मी सहा वर्षे हौशी गटात काढली आणि मग व्यावसायिक झाले. त्यामुळे पुढचे विवेचन अगदी निःपक्षपाती आहे असा माझा दावा नाही.

फेऱ्यांचा हिशेब अनेकींना उलटा वाटतो, आणि तो तसा आहेही. हौशी गटात २०१७ पासून महिलांची लढत ३ मिनिटांच्या ३ फेऱ्यांची असते, तर व्यावसायिक किताबाची लढत बहुधा २ मिनिटांच्या १० फेऱ्यांची. म्हणजे एकूण वेळ दुपटीहून अधिक, पण फेरी मात्र आखूड. व्यावसायिक विजेती अमांडा सेरानो ऑक्टोबर २०२३ मध्ये डॅनिला रामोसविरुद्ध पुरुषांप्रमाणे ३ मिनिटांच्या १२ फेऱ्या लढली, आणि महिलांच्या अशा फेऱ्यांना मान्यता न देणाऱ्या डब्ल्यूबीसी या जागतिक व्यावसायिक संघटनेचा किताब तिने पुढे सोडून दिला. तत्त्वतः मी तिच्या बाजूची आहे. तरीही ९ मिनिटांच्या लढतीत पहिली फेरी हातची गेली की पुढच्या दोन्ही जिंकण्यावाचून गत्यंतर नसते. १० फेऱ्यांत समोरचीचा जॅब (पुढच्या हाताचा सरळ ठोसा) कुठून निघतो हे पाहण्यासाठी पहिल्या दोन फेऱ्या खर्ची घालता येतात. ही सवड मला हौशी रिंगमध्ये कधीच मिळाली नाही.

माझा निर्णय मात्र फेऱ्यांवरून झाला नाही. तो वजनकाट्यावर झाला. हौशी स्पर्धेत ज्या दिवशी लढत, त्या दिवशी सकाळी वजन द्यावे लागते, आणि जिंकत गेल्यास एकाच आठवड्यात हे तीन-चार वेळा करावे लागते. मी ५७ किलो गटात खेळत असे आणि माझे एरवीचे वजन साठच्या थोडे वर असे. संध्याकाळी लढत जिंकल्यावर घसा कोरडा पडलेला असताना बाटलीच्या झाकणाने मोजून पाणी प्यायचे, आणि पहाटे उठून दोन ट्रॅकसूट चढवून दोरीच्या उड्या मारायच्या, हा क्रम मला पाठ झाला होता. एका स्पर्धेत उपांत्य लढतीच्या सकाळी सरावाच्या काट्याने ५७.२ दाखवले. केस आदल्या दिवसापासून धुतलेच नव्हते, कारण ओले केसही काट्यावर बोलतात. शेवटी मैत्रिणींनी टॉवेलचा आडोसा धरला, मी अंगावरचे उरलेसुरले कपडे आणि केसांचे रबरसुद्धा उतरवले आणि कशीबशी मर्यादेत बसले. पाळीच्या दिवसांत माझ्या अंगात किलोभर पाणी साठते, आणि स्पर्धेचे वेळापत्रक ते पाहून ठरत नाही. ती उपांत्य लढत मी हरले. प्रतिस्पर्धी माझ्याहून सरस होती हे मान्य आहे, पण तिसऱ्या फेरीत माझे पाय उचलत नव्हते, त्याचे श्रेय मी तिला पूर्णपणे देऊ शकत नाही.

व्यावसायिक लढतीत वजन एकदाच द्यावे लागते आणि तेही आदल्या दिवशी. त्यानंतर जेवता येते, पाणी पिता येते, झोपता येते. हाच एक दिवस हाताशी आहे म्हणून काही जणी झेपणार नाही इतके वजन उतरवतात आणि तो धोका खरा आहे. पण तो मोह आवरणे निदान आपल्या हाती असते. हेडगार्ड नसणे आणि १० ऐवजी ८ औंसांचे ग्लोव्हज येणे याची धास्ती मला आधी फार होती. पहिल्या दोन लढतींनंतर ती बरीच ओसरली, मात्र भुवईवरची खूण राहिली.

आता दुसरी बाजू, कारण ती हलकी नाही. हौशी गटात तारखा ठरलेल्या असतात. व्यावसायिक गटात त्या कोणीतरी मिळवून द्याव्या लागतात. माझी एक लढत आठ आठवड्यांच्या तयारीनंतर अवघ्या चार दिवसांवर रद्द झाली, कारण प्रतिस्पर्धीने माघार घेतली. स्पारिंगचा, म्हणजे सरावाच्या लढतींचा, आणि प्रशिक्षकाचा खर्च तेवढा माझ्या खात्यावर राहिला. लहान सभागृहांतल्या लढतींत स्वतःची तिकिटे स्वतःच खपवावी लागतात आणि मानधन त्यावर ठरते, हेही मला सही केल्यानंतरच कळले. आयर्लंडची केटी टेलर आणि सेरानो यांनी एप्रिल २०२२ मध्ये न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये एकमेकींविरुद्ध लढून प्रत्येकी १० लाख डॉलरहून अधिक कमावले, पण तो आकडा डोळ्यांसमोर ठेवून कोणी घरचे अंदाजपत्रक आखू नये.

शिवाय टेलर २०१२ चे ऑलिंपिक सुवर्ण घेऊन आणि अमेरिकेची क्लॅरेसा शील्ड्स २०१२ व २०१६ ची दोन सुवर्णे घेऊन व्यावसायिक झाली. दोघींचेही पदार्पण नोव्हेंबर २०१६ मधले. लढती भरवणाऱ्या प्रमोटरसमोर बसताना पदकाचे वजन पडते. म्हणून जिची राष्ट्रीय संघातली जागा पक्की आहे आणि जिचे एरवीचे वजन गटाच्या मर्यादेपासून किलोभराच्या आत असते, तिने कदाचित आणखी एक ऑलिंपिक थांबावे. जी माझ्यासारखी तीन-साडेतीन किलो उतरवून रोज पहाटे काट्याशी झुंजते, तिने फार थांबू नये असे मला वाटते. फक्त सही करण्यापूर्वी वर्षाला किमान किती लढती मिळणार आणि लढत रद्द झाल्यास तयारीचा खर्च कोणी सोसायचा, ही दोन कलमे करारात लेखी मागून घ्यावीत.