"रॅक गेलाय, पूर्ण असेंब्ली टाकावी लागेल": सोळा हजार घेतले आणि जुन्याच रॅकला रंग मारून दिला

जुनी गाडी वापरणाऱ्यांनी हे जरूर वाचावं. ज्यांचं स्टेअरिंग सध्या खटखट करतंय त्यांनी तर आधी वाचावं आणि मगच गॅरेजला जावं. नव्या स्टेअरिंग रॅकचे (स्टेअरिंग फिरवलं की पुढची चाकं वळवणाऱ्या आडव्या भागाचे) पैसे घेऊन माझ्या गाडीतला जुनाच रॅक, तोही न काढता, जागेवरच काळा रंग मारून मला दिला गेला. पैशाचा राग आहेच. पण रंग मारण्यासोबत आणखी एक उद्योग केला होता, त्यामुळे गाडी चालवणं धोक्याचं झालं होतं. त्याच गाडीत माझी मुलगी बसत होती, म्हणून हे सगळं तपशिलात लिहितोय.

गाडी २००९ ची सँट्रो झिंग. पॉवर स्टेअरिंग तेलावर चालणारं: पट्ट्यावर फिरणारा पंप, बॉनेटखाली तेलाची छोटी टाकी आणि इंजिनच्या मागे खाली क्रॉस मेंबरला (गाडीखालच्या आडव्या लोखंडी पट्टीला) बोल्टने आवळलेला आडवा रॅक. आम्ही राहतो अंबाजोगाईला, मुलगी लातूरला नीटच्या शिकवणीला, त्यामुळे गाडी सारखी त्या रस्त्यावर असते. आपल्याकडे काळ्या मातीवरचे रस्ते पावसाळ्यात फुगतात, उन्हाळ्यात भेगाळतात आणि वरचं डांबर लाटा धरतं. उसाचा हंगाम लागला की ट्रॉल्यांनी चाकोऱ्या पडतात त्या वेगळ्याच. जुन्या गाडीचा पुढचा भाग अशा रस्त्यावर ढिला होणारच. माझ्या गाडीला डावीकडून खटखट यायला लागली, हळू वेगात, खराब रस्त्यावरच. स्टेअरिंगही जरा सैल लागत होतं.

मुलीला सोडायला गेलो तेव्हा लातूरच्याच एका गॅरेजला गाडी दाखवली. गॅरेज मोठं, रॅम्प वगैरे सगळं. तिथल्या पोराने चाक धरून दोनदा हलवलं आणि लगेच निकाल दिला, "सर, रॅक गेलाय. पूर्ण असेंब्ली टाकावी लागेल." हेल्पर खाली गेला आणि तेलाने माखलेलं बोट माझ्यासमोर धरलं. "बघा, बूटवर तेल आलंय, सील गेलेत. रस्त्यात स्टेअरिंग जाम झालं तर काय करता? फॅमिली बसते ना गाडीत?"

बूट म्हणजे रॅकच्या टोकावरचं रबरी आवरण. पण ते शेवटचं फॅमिलीचं वाक्य ध्यानात ठेवा. रॅक हा असा भाग आहे की त्याचं नाव घेतलं की माणूस घाबरतो, आणि तो असतो अशा जागी की मालकाला वाकूनही धड दिसत नाही. टायर गुळगुळीत झाला तर आपल्याला कळतं, बॅटरी बसली तर कळतं. रॅकबाबत समोरचा सांगेल तेच खरं धरावं लागतं. फसवणाऱ्याला आणखी काय पाहिजे?

बिल झालं १६,००० रुपयांचं: रॅक असेंब्ली १२,५००, मजुरी २,८००, स्टेअरिंग तेल ७००. कागदावर वर 'एस्टिमेट' असं छापलेलं, जीएसटी नंबर नाही. जुना रॅक मागितला तर म्हणाले, "तो कंपनीला एक्स्चेंजमध्ये जातो." ही थाप ओळखायला शिका. जुना रॅक बदल्यात घ्यायची पद्धत रिकंडिशन, म्हणजे जुनाच दुरुस्त करून विकलेल्या, रॅकच्या धंद्यात असते, कारण त्यांना आतली बॉडी परत वापरायची असते. म्हणजे जुना खरोखर एक्स्चेंजमध्ये गेला असेल तर तुम्हाला मिळालेला रॅकही बहुतेक रिकंडिशनच आहे, आणि भावही रिकंडिशनचाच लागला पाहिजे. नव्याचा भाव आणि जुना परत नाही, या दोन गोष्टी एकत्र बसत नाहीत.

गाडी घेऊन निघालो तेव्हा आवाज बराच कमी वाटला. पण रेणापूरजवळ एक वळण घेतलं आणि स्टेअरिंग वळवलेल्या जागीच राहिलं. एरवी वळण संपलं की हातातून सोडताच चाकं आपोआप सरळ होतात. पुढच्या चाकांचा कोनच तसा ठेवलेला असतो. इथे ते हाताने ओढून सरळ करावं लागत होतं. सरळ रस्त्यावरही गाडी कधी डावीकडे, कधी उजवीकडे झुकायची आणि सारखं सावरावं लागायचं. गॅरेजला फोन केला. उत्तर आलं, "नवीन रॅक आहे सर, टाइट असतो, सेट होईल." सेट काही झाला नाही. उलट काही दिवसांत खटखट पुन्हा सुरू झाली.

तेव्हा अंबाजोगाईतल्या आमच्या नेहमीच्या मेकॅनिक चाचांकडे गाडी नेली. वय झालंय, पण चाकाखाली स्वतः झोपतात. मागे डाव्या बाजूचा टाय रॉड एंड, म्हणजे रॅकमधून येणारा रॉड चाकाला जोडणारा बाहेरचा जॉइंट, त्यांनीच बदलला होता. अलाइनमेंट (चाकांची दिशा) फार बिघडू नये म्हणून जुना एंड किती आटे आत होता त्याची खूण म्हणून रॉडवर पंचने दोन ठोके मारून ठेवायची त्यांची सवय आहे. खाली शिरले, टॉर्च लावला आणि तिथूनच म्हणाले, "सर, ये पंच मेरे हाथ का है."

नवी असेंब्ली आली की आतले रॉड तिच्यासोबतच येतात. मग माझ्या रॉडवर चाचांचे पंच कसे? गॅरेजवाले म्हणतील रॉड जुनेच चढवले, म्हणून चाचांनी मला पुढचं दाखवलं. मोबाइल उताणा करून रॅकच्या वर सरकवला आणि व्हिडिओ काढला. खालून दिसणारी बाजू काळीकुळकुळीत. वरची आणि मागची बाजू जशीच्या तशी, धुळीचा आणि तेलाचा जुना थर, त्यात वाळलेली काळी माती. रॅक ज्या पट्ट्यांनी आवळलेला असतो त्या बोल्टांच्या डोक्यावर गंज आणि माती साचलेली, पान्हा लागल्याची एकही चकाकी नाही. तेलाच्या नळ्यांचे नटही तसेच. रंगाचे शिंतोडे मात्र शेजारच्या क्रॉस मेंबरवर उडालेले. नखाने खरवडलं तर रंगाची साल निघाली आणि खाली मळ. म्हणजे रॅक गाडीतून बाहेर निघालाच नव्हता आणि मजुरी घेतली २,८०० रुपये.

ताज्या पान्ह्याच्या खुणा एकाच जागी होत्या. रॅकच्या बॉडीवर एक अ‍ॅडजस्टरचा नट असतो. आत स्प्रिंगवर बसलेला ठोकळा दात्यांच्या रॅकला पिनियनवर (स्टेअरिंगच्या दांड्याच्या टोकाच्या दातेरी चक्रावर) दाबून धरतो, आणि तो दाब कमीजास्त करायला हा नट. रॅक थोडा झिजला की हा नट बेताने आवळून मागे जरासा सोडतात, ते काम रीतीचं आहे. पण हा गच्च आवळला होता. गच्च आवळला की खटखट दबते आणि गिऱ्हाइकाला वाटतं काम झालं. पण स्टेअरिंग जड होतं, परत फिरत नाही, दाते लवकर झिजतात. पंचवीस रुपयांचाही माल न लावता त्यांनी मला 'नव्या रॅकचा' अनुभव दिला तो असा, आणि त्या अवस्थेत आम्ही त्या रस्त्यावर ये-जा करत होतो.

खरा दोष काय होता? डावीकडचा रॅक एंड, म्हणजे रबरी बूटच्या आतला बॉल जॉइंट, आणि दोन्ही लिंक रॉड, म्हणजे सस्पेन्शनमधले छोटे दांडे. ते बदलले, अ‍ॅडजस्टर सोडून नीट बसवला, अलाइनमेंट केली. सगळं मिळून अडीच हजारांच्या आत आटोपलं. रॅकचा बुश (दांड्याला आतून आधार देणारं कडं) थोडा झिजलाय, पण घाई नाही, असं चाचांचं मत.

आता रॅक गेलाय की नाही हे कसं बघतात ते सांगतो. चाचांनी माझ्या हाताने करून घेतलं आणि हे कुणालाही उभ्या उभ्या करून घेता येतं.

गाडीचं पुढचं चाक वर उचलायचं, खाली स्टँड लावायचा. चाक आधी वर-खाली धरून हलवायचं. खेळ लागला तर संशय व्हील बेअरिंगवर किंवा खालच्या आर्मच्या बॉल जॉइंटवर. मग डावी-उजवीकडे धरून हलवायचं. या दिशेला खेळ लागला आणि वर-खाली नाही, तर स्टेअरिंगचे जॉइंट बघायचे. इथेच लबाडी होते, कारण चाक असं हललं की लगेच "रॅक गेला" म्हणतात. एकाने चाक हलवत राहायचं आणि दुसऱ्याने बाहेरच्या टाय रॉड एंडला बोट लावायचं. धक्का तिथे लागतो का? नसेल तर बूट मुठीत दाबून आतला जॉइंट चाचपायचा. माझ्या गाडीत धक्का नेमका तिथेच, बोटाला टक् असा लागत होता. हे दोन्ही पक्के असतील तर बूटजवळ रॉड धरून वर-खाली करायचा. तिथे खुद्द रॅकचा दांडा बॉडीत हलला तर बुश झिजलाय, तेव्हाच रॅकचं नाव घ्यायचं. एक गोष्ट लोक विसरतात. स्टेअरिंगच्या दांड्याला खाली पायांजवळ युनिव्हर्सल जॉइंट असतो, तो झिजला तरी हातात अगदी असाच खटका येतो. गाडी चालू ठेवून एकाने स्टेअरिंग थोडं डावं-उजवं करायचं आणि दुसऱ्याने त्या जॉइंटवर हात ठेवायचा. आणि खड्ड्यातली खटखट स्टेअरिंगची असेलच असं नाही. लिंक रॉड, लोअर आर्मचा बुश, शॉकअपचं वरचं माउंटिंग, सगळे असाच आवाज करतात आणि सगळे रॅकपेक्षा कितीतरी स्वस्त आहेत.

तेल गळतीचंही तसंच. रॅकचं सील गेलं तर तेल बूटच्या आत साचतं. क्लिप काढून बूट मागे सरकवला की ते बाहेर येतं आणि बॉनेटखालच्या टाकीतली पातळी उतरत जाते. माझ्या टाकीतलं तेल कधी खाली गेलंच नव्हतं. चाचांनी बूट सरकवला तर आत कोरडं, फक्त जुनं ग्रीस. माझ्या गाडीतलं स्टेअरिंग तेल पातळ, लालसर. हेल्परच्या बोटावर होतं ते काळं आणि चिकट. नुसतं बाहेरून बोट फिरवून दाखवलेलं तेल हा कसलाच पुरावा नाही, ते बोट आधी कुठे बुडवलं होतं कुणास ठाऊक. बूट तुमच्यासमोर सरकवायला सांगा.

रॅक खरंच बदलायचाच असेल तर काम सुरू होण्यापूर्वी जुन्या रॅकच्या बॉडीवर, शक्यतो वरच्या बाजूला, तारेने ओरखडा काढा आणि फोटो घ्या. नव्याचा खोका बघायला मागा. त्यावर पार्ट नंबर आणि किंमत छापलेली असते आणि तेलाच्या तोंडांना प्लॅस्टिकची टोपणं असतात. जुना रॅक डिकीत टाकून घरी आणा, भंगारात विकायचा तर तुम्ही विका. रॅक बदलला की अलाइनमेंट करावीच लागते. "गरज नाही" म्हणाले की समजा काही बदललेलं नाही. मला अगदी तसंच सांगितलं होतं.

बिलाचं म्हणाल तर पक्कं घ्या. जीएसटी नंबर पंधरा अक्षर-अंकांचा असतो आणि महाराष्ट्रातला २७ ने सुरू होतो, जीएसटीच्या संकेतस्थळावर टाकला की नाव दिसतं. बिल न देणं ही ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ नुसार अनुचित व्यापारी प्रथा आहे. हा कायदा २० जुलै २०२० पासून लागू आहे आणि त्यात आपल्यासारख्यांच्या फार कामाची सोय आहे: तक्रार आपण राहतो त्या जिल्ह्याच्या ग्राहक आयोगात करता येते. अंबाजोगाई बीड जिल्ह्यात, त्यामुळे गॅरेज लातूरचं असलं तरी मला बीडला तक्रार करता येते. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी नाही, वकील लावलाच पाहिजे असं नाही, मुदत दोन वर्षांची. त्याआधी १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला फोन करून तक्रार नोंदवता येते.

मी दोन्ही वाटा धरल्या. आधी गॅरेजला व्हिडिओ पाठवला. अपेक्षेप्रमाणे उत्तर आलं की रॉड जुने लावलेत, रॅक नवाच आहे. मग फक्त दोन प्रश्न लेखी विचारले: रॅक कुठून घेतला त्याचं खरेदीचं बिल दाखवा, आणि रॅक काढला असेल तर पट्ट्यांचे बोल्ट न सोडता तो कसा काढला ते सांगा. उत्तर नाही. १९१५ ला तक्रार नोंदवली, रजिस्टर्ड पोस्टाने नोटीस धाडली. त्यानंतर १२,५०० रुपये परत आले, वर "विषय इथेच मिटवा" असा निरोप. मजुरीचे आणि तेलाचे साडेतीन हजार अजून त्यांच्याकडेच आहेत. जे काम केलंच नाही त्याची मजुरी मी सोडणार नाही. बीडच्या आयोगासाठी अर्ज तयार आहे, सोबत 'एस्टिमेट'चा कागद, पैसे दिल्याची नोंद, बोल्टांचे फोटो, तो व्हिडिओ आणि चाचांनी सहीनिशी लिहून दिलेला तपासणीचा कागद जोडलाय.