मुदतीनंतरचं अपील: काढून घ्यायचं, लढवायचं की तडजोडीत मिटवायचं?

उशिरा दाखल केलेलं अपील चालवायचं नाही असं ठरलं की पक्षकार वकिलाला सांगतो, पुरसीस (न्यायालयाला द्यायचं लेखी निवेदन) देऊन टाका, निदान कोर्ट फी तरी सुटेल. महाराष्ट्रात ती अशी सुटत नाही. महाराष्ट्र न्यायालय शुल्क अधिनियम, १९५९ चं कलम ४३ परतावा देतं ते तडजोडीसाठी, नुसत्या माघारीसाठी नाही. २०१८ पासून फीची कमाल मर्यादा ३ लाखांवरून १० लाखांवर गेली आहे, त्यामुळे ही चूक महाग पडते.

आधी दिवस मोजा. जिल्हा न्यायालयात ३०, उच्च न्यायालयात ९०. हुकूमनाम्याची, म्हणजे डिक्रीची, नक्कल मिळवण्यात गेलेले दिवस त्यातून वजा होतात. काही वेळा उशीर वाटतो तेवढा नसतोच.

विलंब माफीचा अर्ज लढवायचा तर कारण दिवसांच्या हिशोबासकट शपथपत्रात हवं. शिवाय अपील ऐकून घ्यायचं असं न्यायालय ठरवेपर्यंत हुकूमनाम्याला स्थगिती मिळत नाही (दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश ४१, नियम ३-अ). तोवर समोरचा दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचं प्रकरण, पुढे रेटू शकतो. अर्ज फेटाळला गेला तर अपीलही जातं आणि फीही. शेजारच्या कर्नाटकाच्या कायद्यात मुदतबाह्य म्हणून नाकारलेल्या अपिलाची अर्धी फी परत देण्याची तरतूद आहे. इथे त्या भरवशावर राहू नका.

बिनशर्त माघारीत फी जाते, पण एका बाबतीत हाच मार्ग सगळ्यात शहाणपणाचा: हुकूमनामा एकतर्फी, म्हणजे तुमच्या गैरहजेरीत झालेला, असेल तेव्हा. अपील विलंबामुळे फेटाळलं गेलं, तर आदेश ९ नियम १३ खाली एकतर्फी हुकूमनामा रद्द करून मागण्याचं दार बंद होतं. अपील स्वतःहून काढून घेतलं, तर ते उघडं राहतं. नियमाच्या स्पष्टीकरणातच तसं म्हटलं आहे. त्या अर्जाची मुदतही ३० दिवसांचीच. समन्स रीतसर बजावलं नसेल, तर हुकूमनामा कळल्यापासून. म्हणून विलंबाचं कारण लंगडं दिसत असेल, तर विलंब माफीच्या अर्जाच्या निकालाची वाट पाहू नका, आधीच अपील काढून घ्या.

फी हवी असेल तर तडजोड. अपील प्रत्यक्ष सुनावणीला निघण्यापूर्वी मिटलं तर कलम ४३ खाली अर्धी परत मिळते. नुसत्या तारखा पडल्या असतील, तर ती सुनावणी धरत नाहीत. लोकअदालतीत मिटलं तर पूर्ण फी मिळते, मात्र तो निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नाही. अपील मुदतबाह्य असताना समोरचा का ऐकेल? दरखास्तीत वर्षं घालवण्यापेक्षा ठरल्या तारखेला हातात पडणारी रक्कम त्यालाही हवी असते. तेच देऊ करा.

सगळं अडतं ते पुरसीसच्या शब्दांवर. ‘अपील चालवायचे नाही, सबब निकाली काढावे’ एवढंच लिहिलं, की तडजोड खरोखर झालेली असूनही कागदावर ती नसते. असं लिहा: ‘उभय पक्षांत तडजोड झाली असून अटी सोबतच्या तडजोडपत्राप्रमाणे आहेत, कलम ४३ अन्वये शुल्क परत मिळावे.’ दोन्ही पक्षकारांच्या सह्या घ्या, नुसत्या वकिलांच्या सह्यांवर राहू नका. परताव्याचा हुकूम त्याच आदेशात मागून घ्या. फी ऑनलाइन भरली असेल तर चलनावरचा जीआरएन (सरकारी भरणा संदर्भ) क्रमांक अर्जात घाला. परताव्याची मागणी तडजोडीपासून एक वर्षाच्या आत केली नाही, तर हक्काची अर्धी फीही बुडते.