पटकथेसाठी कादंबरी: हक्क सुटलेली घ्यावी की विकत घ्यावी?

खिशात निर्माता नसताना गाजलेल्या कादंबरीवर पटकथा लिहायला बसणाऱ्याने आधी लेखकाच्या मृत्यूचं साल बघावं. आपल्याकडे त्यानंतर ६० वर्षं कॉपीराइट चालतो. साने गुरुजी १९५० साली गेले, म्हणून ‘श्यामची आई’ २०११पासून सगळ्यांना मोकळी. कादंबरीकार चिं. त्र्यं. खानोलकर १९७६ साली गेले. त्यांच्या कादंबऱ्यांसाठी २०३७ उजाडावं लागेल. (भाषांतराचा हक्क वेगळा. रशियन कादंबरी मोकळी असली तरी तुमच्या हातातलं मराठी भाषांतर मोकळं असेलच असं नाही.)

मोकळ्या पुस्तकाची गोम अशी, की ते शेजाऱ्यालाही मोकळंच असतं. ‘श्यामची आई’वर अत्र्यांनी १९५३मध्ये सिनेमा केला, २०२३मध्ये आणखी एक आला. श्यामच्या पायांना माती लागू नये म्हणून दगडावर ओचे पसरणारी आई प्रेक्षकाला तोंडपाठ. मी तो प्रसंग लिहिला तर मनाला जपण्याचं वाक्य गाळेन. ओचे, त्यावर टेकलेलं ओलं पाऊल, बस.

विकत घ्यायच्या पुस्तकाची डोकेदुखी वारसांची. एका दिवंगत लेखकाच्या मुलीने मला फोनवर “करा हो खुशाल” सांगितलं. सात महिने लिहिल्यावर तिच्या भावाने नकार कळवला. कागद केला नव्हता, चूक माझीच. करारात मुदत लिहाच. नाहीतर कायदा ५ वर्षं धरतो. शिवाय वेगळं ठरलं नसेल तर वर्षभर न वापरलेले हक्क मालकाकडे परत जातात. सिनेमावाल्याचं वर्ष निर्मात्यांच्या चकरा मारण्यातच जातं.

पटकथाकार रूथ प्रॉवर झाबवाला यांनी दोन्ही वाटा चोखाळल्या. कादंबरीकार हेन्री जेम्स १९१६ साली वारलेले. त्यांच्या ‘द युरोपियन्स’ आणि ‘द बोस्टनियन्स’वर झाबवालांनी पटकथा लिहिल्या. कादंबरीकार ई. एम. फॉर्स्टर गेले १९७० साली, म्हणजे त्यांच्या पुस्तकांचे हक्क शाबूत होते. झाबवालांना दोन्ही ऑस्कर मिळाले ते फॉर्स्टरवरच: ‘अ रूम विथ अ व्ह्यू’ आणि ‘हॉवर्ड्स एंड’. मात्र पैसे उभे करायला त्यांच्याकडे मुंबईचे निर्माते इस्माईल मर्चंट होते.

तुमच्याकडे असे निर्माते नसतील, तर पहिल्या पटकथेला मोकळं पुस्तक घ्या. ह. ना. आपट्यांचं ‘पण लक्षात कोण घेतो?’ मला खुणावतं, यमूचं स्वतःच्या तोंडून सांगणं तर फारच. पण हक्क फुकट मिळाले तरी एकोणिसाव्या शतकातला वाडा, आलवणं, पगड्या फुकट मिळत नाहीत. मी तरी ती गोष्ट स्वयंपाकघर, माजघर आणि एका खिडकीत बसवता येते का, ते आधी लिहून बघेन.