पासपोर्टवरची जन्मतारीख बदलून देणारं 'पॅकेज'

अण्णांच्या पासपोर्टवर जन्मतारीख १ जून आहे. त्यांच्या पिढीत निम्म्या गावाचा जन्म १ जूनचाच. शाळेत नाव घालताना गुरुजींनी ती तारीख टाकली, मग शाळा सोडल्याच्या दाखल्यावरून पॅनवर आणि तिथून पासपोर्टवर. खरा जन्म ऐन दिवाळीतला, हे घरात सगळ्यांना ठाऊक. परदेशातल्या बहिणीने कागदपत्रं जुळवायला घेतली तेव्हा ही तारीख आडवी आली.

ओळखीतून तहसील कचेरीसमोरचा एक एजंट मिळाला. २८,००० रुपयांत सगळं: प्रतिज्ञापत्र, पेपरात जाहिरात, राजपत्रात नोंद, जन्मदाखला, आणि गरज पडलीच तर 'पंधरा दिवसांत कोर्ट ऑर्डर'. निम्मे रोख, निम्मे यूपीआयने.

यातली पहिली तीन कामं त्याने खरोखरच करून दिली. फसवणुकीची मेख इथेच आहे. राजपत्राचं पान हातात पडलं की माणसाला वाटतं, आता सरकारनेच मान्य केलं. प्रत्यक्षात तिथे आपण पैसे भरून आपलंच म्हणणं छापून घेतलेलं असतं. प्रतिज्ञापत्राचंही तेच. दोन्हींतून जन्म कधी झाला हे सिद्ध होत नाही. एजंटालाही हे पक्कं माहीत असतं, म्हणून या खऱ्या कागदांच्या गठ्ठ्यात तो खोटा जन्मदाखला सरकवतो.

आमच्या हातात पडलेला दाखला परराज्यातल्या एका प्राथमिक आरोग्य केंद्राचा होता. अण्णांनी ते राज्य रेल्वेच्या खिडकीतूनही पाहिलेलं नाही! क्यूआर कोड स्कॅन केला तर हिरवी खूण, अण्णांचं नाव, दिवाळीतली तारीख, सगळं झकास. मग वरचा पत्ता वाचला. नाव जन्म-मृत्यू नोंदणीच्या सरकारी संकेतस्थळासारखंच, पण शेवटी 'गव्ह डॉट इन' नाही. कोड फसवणाऱ्यांचा, पानही त्यांचंच. एजंटाला विचारलं तर म्हणाला, "काका, काउंटरवर एवढं कोण बघतंय?" आणि वर आधारमधली तारीख बदलायला ओटीपी मागू लागला. आधारवर जन्मतारीख साधारणपणे एकदाच बदलून मिळते, ती संधीही त्याने वाया घालवली असती. ओटीपी दिला नाही.

तो दाखला पासपोर्टच्या अर्जाला जोडला असता तर सही अण्णांची असती. पासपोर्ट कायदा, १९६७ च्या कलम १२ खाली जाणूनबुजून खोटी माहिती देणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद किंवा दंड, किंवा दोन्ही. शिवाय पासपोर्ट जप्त होऊ शकतो तो वेगळाच. अर्जात एजंटाचं नाव कुठेच नसतं.

सरळ रस्ता मग वकिलांनी समजावला. जोडलेले कागद बरोबर आणि छपाईत चूक, असं असेल तर काम सोपं: 'री-इश्यू'चा, म्हणजे पासपोर्ट पुन्हा काढून घेण्याचा अर्ज, १५०० रुपये फी, मूळ पुराव्यासह पासपोर्ट सेवा केंद्रात हजर. जन्मदाखल्यातच चूक असेल तर आधी निबंधकाकडे, जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ च्या कलम १५ प्रमाणे दुरुस्ती.

आमचं दुखणं तिसरं होतं. तहसीलच्या अभिलेख कक्षातून कोतवाल बुकाची, म्हणजे गावातल्या जन्म-मृत्यूंच्या जुन्या नोंदवहीची, नक्कल काढली. (कुणबी नोंदींच्या शोधामुळे ही बुकं आता सगळ्यांना माहीत झालीत.) दिवाळीतली नोंद सापडली, आजोबांचं नावही आहे, पण बाळाच्या नावाच्या जागी नुसतं 'मुलगा'. तो मुलगा म्हणजेच अण्णा, हे कोणी म्हणायचं? दिवाणी न्यायालयाने. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ३४ खाली न्यायालयाने तसं जाहीर करावं, असा घोषणेचा दावा लावता येतो. त्यात सरकारी कार्यालय प्रतिवादी, म्हणून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० प्रमाणे सहसा आधी दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. पंधरा दिवसांची कोर्ट ऑर्डर म्हणजे काय चीज असणार होती, ते इथे कळलं. तीही बहुधा त्याच प्रिंटरमधून निघाली असती.

आमची नोटीस गेली आहे, आत्याची साक्ष लागणार आहे. एजंटावर पोलिसांत तक्रार दिली. खोटा दाखला आम्ही फाडला नाही, फोनमधलं बोलणंही पुसलं नव्हतं. दोन्ही पोलिसांनी ठेवून घेतलं. यूपीआयने दिलेले पैसे तक्रारीत लगेच धरले गेले. रोख रकमेची पावती त्याने दिलीच नव्हती, तिच्याबद्दल तो अजूनही कानावर हात ठेवतो.