शिक्क्यांच्या जाळ्यात अडकलेली नावे

रबरी शिक्का आपल्या परिचयाचा असतो तो सरकारी कचेरीतून. जन्माचा, रहिवासाचा किंवा जातीचा दाखला त्या ठशावाचून पूर्वी कुणी खरा मानत नसे. चित्रकार रीना सैनी कल्लाट यांनी हाच शिक्का माध्यम म्हणून हाताळला आहे. माणसाची किंवा गावाची ओळख कागदावर कशी ठरते आणि त्याच कागदावरून ती कशी नाहीशी होते, हे दाखवायला याहून चपखल वस्तू मिळणे कठीण.

भायखळ्याच्या डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या दर्शनी भागावर 2013 साली त्यांनी शिक्क्यांचे एक अवाढव्य कोळिष्टक चढवले होते. मुंबईतील ज्या रस्त्यांची इंग्रजी अमदानीतली नावे पुढे बदलली गेली, ती जुनी नावे या शिक्क्यांवर कोरलेली होती. जागेची निवड मला विशेष वाटते, कारण 1872 साली लोकांसाठी खुली झालेली ही वास्तू स्वतःच 1975 पर्यंत व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियम या नावाने ओळखली जात होती. म्हणजे नाव बदललेल्या इमारतीच्या अंगावरच पुसलेल्या नावांचे जाळे पसरले होते. काळ्या घोड्याचा मूळ पुतळाही शेजारच्या राणीच्या बागेत हलवलेला आहे, आणि घोडा गेला तरी फोर्टातल्या त्याच्या मूळ चौकाचे ‘काळा घोडा’ हे नाव मात्र गेले नाही.

इथेच या कलाकृतीविषयी माझी तक्रार सुरू होते. कोळिष्टक म्हटले की अडगळ, माणसाचा वावर थांबलेली जागा डोळ्यांपुढे येते. मुंबईची जुनी नावे तशी अडगळीत पडलेली नाहीत. टॅक्सीवाल्याला डॉ. भडकमकर मार्ग सांगून पाहावे. बहुधा ‘लॅमिंग्टन रोड’ असा खुलासा करावाच लागतो. फॉकलंड रोडचा पठ्ठे बापूराव मार्ग झाला, पण त्या शाहिराचे नाव पत्त्याच्या पाटीबाहेर फारसे कुणाच्या तोंडी आले नाही. कागदाने पुसलेले बोलण्याने जपले, हा पेच त्या भव्य जाळ्यात उतरत नाही. शिवाय त्याचा आकारच इतका डोळ्यांत भरतो की एकेक नाव वाचण्याची उसंत राहत नाही.

त्यांच्या ‘सिनॉनिम’ या व्यक्तिचित्रमालेत मला ही उणीव भासत नाही. सरकारी नोंदींत बेपत्ता ठरलेल्या माणसांची नावे अनेक भारतीय लिप्यांत कोरलेले शेकडो शिक्के पारदर्शक फलकावर बसवून त्यांनी चेहरे घडवले आहेत. लांबून पाहिले तर कुणीतरी ओळखीचे समोर उभे असावे असे वाटते. चार पावले पुढे गेले की आधी डोळे विरतात, मग ओठ, आणि उरतात ती केवळ नावे, एकमेकांना खेटून लावलेली.