ऑटोमॅटिक गिअरबॉक्सचा फिल्टर: चेंबर खोलायचा, नुसतं ऑइल बदलायचं, की मशीन लावायचं?

कोकणात ऑटोमॅटिक छोट्या गाड्या आता गावोगाव दिसतात. बऱ्याचशा मुंबईहून आलेल्या. चाकरमान्याने नवी गाडी घेतली आणि जुनी गावी आईवडिलांना ठेवली, किंवा ओळखीत कुणाला विकली. मीटरवर चाळीस-पन्नास हजार किलोमीटर दिसतात म्हणून गाडी कमी चाललेली वाटते. पण त्यातले बरेच किलोमीटर रांगेत रखडत गेलेले असतात आणि गिअर सतत पहिला-दुसरा-पहिला झालेला असतो. गिअरबॉक्सचं ऑइल किलोमीटरपेक्षा तासांनी आणि उष्णतेने जास्त खराब होतं. तीच गाडी इथे आली की आंबा, करूळ नाहीतर आंबोली घाट चढायला लागते, तेही चार माणसं आणि आंब्याच्या पेट्या घेऊन.

मग कुठेतरी डी टाकल्यावर झटका बसतो, किंवा चढावर आवाज वाढतो पण वेग वाढत नाही, आणि मालक विचारायला लागतो. एक मेस्त्री म्हणतो, कंपनीने जन्मभराचं ऑइल भरलंय, हात लावू नका. दुसरा म्हणतो, नट काढून ऑइल बदलू. तिसरा मशीन लावून सगळं ऑइल एकदम बदलायला सांगतो. माझं मत आधीच सांगतो: टॉर्क कन्व्हर्टरवाली गाडी (इंजिनची ताकद ऑइलमधून गिअरबॉक्सला देणारी), साठ हजारांच्या पुढे गेलेली किंवा आधीचा इतिहास माहीत नसलेली, पण अजून नीट चालणारी असेल, तर पहिल्या खेपेला चेंबर, म्हणजे गिअरबॉक्सच्या तळाशी बोल्टने बसवलेलं ऑइलचं भांडं, खोला, फिल्टर बदला, आणि पुढच्या दोन खेपांना नुसता नट काढून ऑइल बदला. कारणं पुढे देतो.

आधी गिअरबॉक्स कोणता ते बघा

दोन पेडलांची प्रत्येक गाडी सारखी नसते. एएमटी, म्हणजे मारुतीची एजीएस, टाटा-ह्युंदाईची एएमटी वगैरे, हा आतून साधा मॅन्युअल गिअरबॉक्सच असतो. क्लच दाबायचं आणि गिअर टाकायचं काम फक्त यंत्र करतं. त्यात या लेखातला फिल्टर नाही आणि एटीएफ, म्हणजे ऑटोमॅटिक गिअरबॉक्सचं खास ऑइल, तेही नाही. साधं गिअर ऑइल असतं, ते वेळच्या वेळी बदलायचं. कुणी एएमटीचा 'ट्रान्समिशन फिल्टर' बिलात लावत असेल तर तो कुठे बसतो ते दाखवायला सांगा. फोक्सवॅगन-स्कोडाच्या छोट्या गाड्यांतला सात गिअरचा कोरड्या क्लचचा डीएसजी (दोन क्लचचा ऑटोमॅटिक) सुद्धा यात येत नाही.

सीव्हीटीत पट्टा आणि पुल्या असतात. त्यात जाळी असते, काही गाड्यांत ऑइल कूलरपाशी वेगळा छोटा कागदी फिल्टरही असतो. तिथे खालचं बहुतेक लागू पडतं, फक्त ऑइल त्याच सीव्हीटीचं हवं. होंडाच्या सीव्हीटीला एचसीएफ-२ हे होंडाचं सीव्हीटी ऑइल लागतं, त्यात साधं एटीएफ ओतलं तर पट्टा घसरायला लागेल.

राहिला टॉर्क कन्व्हर्टरचा जुना-जाणता ऑटोमॅटिक, चार किंवा सहा गिअरचा. जुन्या आय-टेन, आय-ट्वेंटी, स्विफ्ट डिझायरचे चार गिअरवाले प्रकार यातले. यात एकच ऑइल चार कामं करतं: वंगण, थंडावा, दाब देऊन क्लच पकडणं आणि इंजिनची ताकद पुढे नेणं. ते ऑइल पंप खालच्या चेंबरातून ओढतो आणि ओढायच्या तोंडाशीच फिल्टर असतो. तो तुंबला की पंपाला पुरेसं ऑइल मिळत नाही, दाब पडतो, क्लच अर्धवट पकडतात आणि जळायला लागतात.

अजून एक खात्री करून घ्या. काही गिअरबॉक्समध्ये फिल्टर केसिंगच्या आत असतो, अख्खा गिअरबॉक्स उतरवून फोडल्याशिवाय निघत नाही. तुमची गाडी तशी असेल तर चेंबर खोलायचा प्रश्नच मिटला, नट काढून ऑइल बदलत राहणं हाच मार्ग. चेसिस नंबर देऊन पार्ट्सच्या दुकानात विचारलं की फिल्टर वेगळा मिळतो की नाही ते लगेच कळतं.

'जन्मभराचं ऑइल' आणि बाकीचे तीन मार्ग

हात न लावणं हा मार्ग स्वस्त आहे आणि काही वर्षं चालतोही. पण झेडएफ ही गिअरबॉक्स बनवणारी जर्मन कंपनी स्वतःच्या ऑटोमॅटिकसाठी, ज्यांना गाडी कंपन्या 'लाइफटाइम' म्हणतात त्यांनाही, ८०,००० ते १,२०,००० किलोमीटर किंवा आठ वर्षांत ऑइल बदलायला सांगते. ते गिअरबॉक्स मोठ्या गाड्यांतले. आपल्या छोट्या गाडीत ऑइलही कमी आणि कूलरही लहान. बऱ्याच कंपन्यांच्या मॅन्युअलमध्ये डोंगराळ रस्ता, कडक ऊन आणि थांबत-थांबत चालणं याला 'कठीण वापर' म्हटलेलं असतं, आणि त्याची मुदत वेगळ्या तक्त्यात दिलेली असते. कोकणातली मुंबई-रिटर्न गाडी तिन्ही खणांत बसते. तो तक्ता वाचा.

नट काढून ऑइल बदलणं सोपं, स्वस्त आणि धोका जवळजवळ नसलेलं काम. त्याची मर्यादा आकड्यांतच आहे. समजा गिअरबॉक्समध्ये एकूण साडेसहा लिटर ऑइल मावतं आणि नट काढल्यावर तीन लिटर निघतं. बाकीचं टॉर्क कन्व्हर्टरमध्ये, कूलरच्या पाइपांत आणि आतल्या वाटांत अडकलेलं असतं. म्हणजे पहिल्या खेपेला ४६ टक्के ऑइल नवं झालं, दुसऱ्या खेपेला ७१, तिसऱ्याला ८४. नऊ लिटर ऑइल लागलं. फिल्टर मात्र जुनाच, आणि चेंबरच्या तळाचा गाळही तिथेच.

मशीनने एका बैठकीत जवळजवळ सगळं ऑइल बदलतं. कूलरचा पाइप सोडवून त्याला मशीन जोडतात, एका बाजूने जुनं बाहेर येतं, दुसऱ्या बाजूने नवं आत जातं. छोट्या गाडीलाही दहा-बारा लिटर ऑइल सहज लागतं, त्यामुळे खर्च वाढतो. गिअरबॉक्सचा स्वतःचा पंप ऑइल ढकलतोय आणि मशीन फक्त अदलाबदल करतंय, एवढ्याला माझी हरकत नाही. हरकत दोन गोष्टींना आहे. एक, सफाईचं केमिकल आत टाकणं. वर्षानुवर्षं बसलेली घाण एकदम सुटली तर ती व्हॉल्व्ह बॉडीच्या (ऑइलचा दाब वळवून गिअर बदलणाऱ्या भागाच्या) बारीक वाटांत जाऊन अडकू शकते. दुसरी, चेंबर न खोलता केलेलं मशीन. नवं कोरं ऑइल तुंबलेल्या फिल्टरमधून ओढायला लावून काय मिळवलं?

आणि चेंबर खोलणं. यात फिल्टर बदलतो हे आहेच, पण मला त्याहून मोठा फायदा वाटतो तो हा की आतलं दिसतं. बाकीच्या दोन्ही मार्गांत गाडीच्या पोटात काय चाललंय ते कळत नाही.

चेंबर खाली आला की

चेंबरच्या तळाला दोन-चार चुंबकं चिकटवलेली असतात. त्यांवर काळी, लोण्यासारखी मऊ पेस्ट असेल तर घाबरू नका, ती रोजची झीज आहे. पेस्ट बोटांत चोळून बघा. काही टोचत नसेल तर बरं. चकाकणारे कण, सुईसारखे तुकडे, पितळी चूर दिसली तर बेअरिंग किंवा बुश गेलंय, फिल्टर बदलून ते सुधारणार नाही. जळकट वास आणि तळाला काळपट भुकटी असेल तर क्लचच्या प्लेटा झिजल्यात. मेस्त्रीला हे सगळं पुसायच्या आधी तुम्हाला बोलवायला सांगा, आणि फोटो काढून ठेवा.

ऑइल दुधट गुलाबी दिसलं तर आत पाणी आहे. आपल्याकडे ही शक्यता खरी आहे. २२ जुलै २०२१ च्या पुरात चिपळूणमध्ये कितीतरी गाड्या पाण्याखाली गेल्या, महाडलाही तेच. गिअरबॉक्सला हवा घ्यायला वर एक छोटी नळी असते. गरम गिअरबॉक्स पाण्यात बुडाला की एकदम थंड होतो आणि त्याच नळीतून पाणी आत ओढतो. क्लच प्लेटांचं अस्तर पाणी शोषतं आणि त्याचा गोंद सुटतो. म्हणून त्या भागातून जुनी ऑटोमॅटिक घेत असाल तर व्यवहाराआधी ऑइल डोळ्यांनी बघा.

फिल्टर दोन जातींचा. लोखंडी जाळीचा असेल तर धुऊन पुन्हा बसवता येतो, कागदाचा किंवा नमद्याचा असेल तर नवाच. नवा फिल्टर जुन्याशेजारी ठेवून उंची आणि मानेची जाडी जुळते का बघा. जुना फिल्टर खेचताना त्याच्या मानेवरची रबरी ओ-रिंग कित्येकदा वर भोकातच चिकटून राहते. ती न काढता नवी रिंग घातली की सांध्यातून हवा जाते, पंप ऑइलबरोबर हवा ओढतो, फेस होतो आणि गाडी पहिल्यापेक्षा वाईट चालते. 'फिल्टर बदलल्यावर गिअरबॉक्स गेला' अशा गोष्टी ऐकू येतात, त्यांत शोधलं तर असं काहीतरी सापडायची शक्यता मोठी. नाहीतर गिअरबॉक्स आधीच घसरत होता आणि ऑइल बदलून तो दुरुस्त होईल अशी आशा होती. घसरणाऱ्या गिअरबॉक्सवर फिल्टरचे पैसे घालू नका.

पॅकिंगचंही तसंच. जिथे कंपनीने पॅकिंग दिलंय तिथे पॅकिंगच हवं, वर सिलिकॉन पेस्ट थापायची गरज नाही. बोल्ट आवळल्यावर जादा पेस्ट आतल्या बाजूला दोरीसारखी बाहेर येते, तुटते आणि नव्या फिल्टरला जाऊन चिकटते. ज्या गाडीत कंपनीच पेस्ट लावते तिथे बारीक रेघ पुरे. चेंबरचे बोल्ट लहान असतात, कितीतरी छोट्या गाड्यांत दहा न्यूटन-मीटरच्या आसपासच आवळायचे. ताकद लावली की ॲल्युमिनियमच्या केसिंगचे आटे जातात.

खाऱ्या हवेचा त्रास इथेच कळतो. वेंगुर्ला, मालवण, गुहागर अशा किनाऱ्यावर राहिलेल्या गाडीचे खालचे बोल्ट गंजलेले असतात. आदल्या रात्री गंज सोडवणारं ऑइल मारून ठेवायला सांगा. आणि खालचा नट काढायच्या आधी ऑइल भरायचा वरचा बोल्ट सुटतो का ते बघायचंच. जुनं ऑइल सांडून झालं आणि भरायचा बोल्ट जाम निघाला, तर गाडी तिथेच अडकली.

कुणाकडे करायचं

वॉरंटीत असेल तर कंपनीच्या सर्व्हिस सेंटरलाच, दुसरा विचार नको. वॉरंटी संपलेली असेल तर निवड खुली आहे. सर्व्हिस सेंटरला योग्य ऑइल आणि स्कॅनर मिळतो, पण फिल्टर त्यांच्या तक्त्यात नसेल तर चेंबर खोलायला ते तयार होतीलच असं नाही. कोल्हापूर किंवा गोव्याच्या बाजूला ऑटोमॅटिकचं काम करणारे कारागीर सापडतात, पण जाण्यायेण्यात दिवस जातो, आणि आधीच घसरणारी गाडी घाटातून चालवत नेणं म्हणजे उरलेल्या क्लचची राख. तशी गाडी टो-ट्रकवर चढवूनच न्या.

गावातला मेस्त्री मला या कामासाठी कमी वाटत नाही. काम नट-बोल्टचंच आहे, फक्त स्वच्छता आणि धीर हवा. फिल्टर, पॅकिंग आणि ऑइल तुम्ही चेसिस नंबरवरून मागवून द्या. जुन्या ह्युंदाईच्या चार गिअरला एसपी-थ्री नावाचं ऑइल, सहा गिअरला एसपी-फोर. एकाच्या जागी दुसरं चालत नाही, आणि सुटं 'लाल ऑइल' तर मुळीच नको. मग मेस्त्रीला एकच प्रश्न विचारा: लेव्हल कशी बघणार? 'जेवढं निघालं तेवढं भरू' असं उत्तर आलं तर पुढे विचारा. आधीच ऑइल कमी असेल तर कमीच भरलं जाईल.

डिपस्टिक असेल तर काम सोपं. नसेल तर गाडी सपाट उभी करून, इंजिन चालू ठेवून, प्रत्येक गिअर एकदा टाकून परत पी वर आणायची, आणि ऑइलचं तापमान ठरलेल्या पट्ट्यात असताना लेव्हलचा बोल्ट काढायचा. बारीक धार येऊन थेंबांवर आली की लेव्हल बरोबर. हा पट्टा कितीतरी गाड्यांत ३५ ते ४५ अंशांचा असतो. मे महिन्यात दुपारी पत्र्याच्या शेडमध्ये उभ्या गाडीचं ऑइल इंजिन चालू करायच्या आधीच त्याच्या जवळ गेलेलं असतं, आणि थोड्याच वेळात पट्टा ओलांडून जातं. गरम ऑइल फुगतं, जास्त बाहेर पडतं आणि लेव्हल कमी राहते. म्हणून गाडी आदल्या संध्याकाळी लावून ठेवा, काम सकाळी सुरू करा, आणि तापमान स्कॅनरवर बघा.

पावसाळ्यात उघड्यावर हे काम नको, चेंबर खाली असताना आत पाण्याचा थेंबही जायला नको. गणपतीच्या आधीचा पंधरवडा तर टाळाच, तेव्हा सगळी गॅरेजं चाकरमान्यांच्या गाड्यांनी भरलेली असतात आणि मेस्त्रीला ओ-रिंग शोधायला वेळ नसतो. दिवाळीनंतर हवा कोरडी झाली की चेंबर खोला. मग दोन-तीन हजार किलोमीटर झाले की नट काढून एकदा ऑइल बदला, तेवढ्याच अंतराने आणखी एकदा. ही शेवटची खेप मे महिन्यात घाटांची गर्दी सुरू व्हायच्या आधी उरकली तर उत्तम. पहिल्या रात्री गाडीखाली पुठ्ठा टाकून ठेवा. सकाळी त्यावर तांबडा थेंब दिसला तर बोल्ट तुम्ही आवळू नका, ज्याने पॅकिंग बसवलं त्यालाच दाखवा.