‘खास परवानगी’ची अजिंठा-वेरूळ सहल : ३६,४०० रुपयांचा चुना

अजिंठा सोमवारी बंद असतं. वेरूळ मंगळवारी बंद असतं. आधी हे पाठ करा, मग पुढचं वाचा. ज्या टूरवाल्याच्या कार्यक्रमात सोमवारी अजिंठा किंवा मंगळवारी वेरूळ लिहिलेलं असेल, त्याला एक रुपया देऊ नका. तो कितीही गोड बोलो.

आम्ही दिले. माणशी ७,८५०, चौघांचे ३१,४००. वर जागेवर माणशी १,२५० ‘विशेष प्रवेश शुल्क’, म्हणजे आणखी ५,०००. एकूण ३६,४००. आणि मी शाळेत चित्रकला शिकवते. दरवर्षी मुलांना अजिंठ्याचा पद्मपाणी, म्हणजे हातात कमळ धरलेला बोधिसत्त्व, काढायला लावते. हसा, नातेवाईकही हसून झालेत.

पण आम्ही काही डोळे मिटून पैसे दिले नव्हते. स्वस्तातलं बघून धावलो असंही नाही. याच पैशात बरे टूरवाले मिळतात. जाहिरात होती ‘धार्मिक कला आणि स्थापत्य : अभ्यास सहल’ अशी. दोन मुक्काम, एसी बस, कलेतिहासाचे निवृत्त प्राध्यापक पूर्ण वेळ सोबत, छापील टिपणांची पुस्तिका, आणि ज्येष्ठांसाठी अजिंठ्याला डोली समाविष्ट. माझे सासरे पंचाहत्तरीचे, गुडघे गेलेले. डोलीचं वाचूनच त्यांनी यायचं कबूल केलं.

फोनवरच्या माणसाला मी मुद्दाम चाचपून पाहिलं. म्हटलं, अजिंठ्याची फ्रेस्को बघायला किती वेळ देता? तर म्हणाला, “मॅडम, ती खरं म्हणजे फ्रेस्को नव्हेत. ओल्या चुन्यावर नाही, मातीच्या गिलाव्यावर, तो वाळल्यावर काढलेली चित्रं आहेत.” बरोबर आहे हे. नऊ आणि दहा नंबरची लेणी सर्वांत जुनी, सातवाहन काळातली, हेही त्यानं न अडखळता सांगितलं. आता सांगा, एवढं बोलणाऱ्या माणसावर कुणी संशय घ्यावा? हल्लीचे भामटे गृहपाठ करून येतात, आपल्याला वाटतं तसे अडाणी नसतात.

मूळ कार्यक्रम चोख होता. शनिवारी रात्री पुण्याहून निघायचं, रविवारी अजिंठा, सोमवारी वेरूळ. दोन्ही उघडी. त्यावर १०,००० आगाऊ भरले. गुरुवारी व्हॉट्सॲपवर मेसेज आला की रविवारी अतोनात गर्दी असते, चित्रांच्या लेण्यांत एका वेळी मोजकीच माणसं सोडतात, नीट बघायला मिळावं म्हणून सहल एक दिवस पुढे ढकलली आहे. सोमवार अजिंठा, मंगळवार वेरूळ. गर्दीचं कारण खोटं नव्हतंच, रविवारी तिथं खरोखर रांगा असतात. त्यामुळे पटलं.

सासूबाई भाजी निवडत होत्या. मी मेसेज वाचून दाखवला तशा म्हणाल्या, “अगं, अजिंठा सोमवारी बंद असतं ना?”

इथे. या वाक्यावर सगळं थांबायला हवं होतं. मी लगेच फोन लावला, म्हणजे माझी चूक म्हणावी तर तीही नाही. तो हसला. “काकूंना म्हणावं, बरोबर आहे, पब्लिकला बंद असतं. म्हणूनच आपण सोमवार घेतलाय. अभ्यासगटाला खास परवानगी आहे. पत्र पाठवतो.” पाच मिनिटांत पुरातत्त्व खात्याच्या नावाच्या पत्राचा फोटो आला. वर अशोकस्तंभ, जावक क्रमांक, खाली गोल शिक्का आणि फर्राटेदार सही. मी फोटो मोठा करून शिक्का पाहिला, सही पाहिली. मजकूर वाचला नाही. मजकुरात लिहिलं होतं, ‘अजिंठा येथील ३४ लेणी’. चौतीस वेरूळला आहेत हो! अजिंठ्याला तीस. त्याच्याच खालच्या ओळीत ‘पद्मपाणी, लेणे क्र. १७’. पद्मपाणी एक नंबरच्या लेण्यात आहे, हे माझ्या सातवीतल्या पोरांना माहीत आहे. एका परिच्छेदात दोन ढोबळ चुका, आणि ते पत्र माझ्या फोनमध्ये चार दिवस होतं. त्याच संध्याकाळी उरलेले २१,४०० पाठवले. कंपनीच्या खात्यावर नाही, कुणाच्या तरी वैयक्तिक यूपीआयवर. “कंपनीचं खातं ऑडिटसाठी थांबवलंय मॅडम.”

पावती आली होती, तिच्यावर जीएसटी क्रमांकही होता. तो मोजा. पंधरा अक्षरांचा असतो, आणि महाराष्ट्रातला असेल तर सुरुवातीला २७. आमच्या पावतीवरचा चौदाच अक्षरांचा निघाला. जीएसटीच्या सरकारी संकेतस्थळावर कुणालाही क्रमांक टाकून नाव तपासता येतं, फुकट. हे मला नंतर कळलं. नंतर सगळ्यांनाच सगळं कळतं.

सोमवारी बस फर्दापूरच्या फाट्यावर पोहोचली. एरवी खासगी गाड्या तिथेच थांबतात आणि पुढे लेण्यांपर्यंत एसटीच्या बसनं जावं लागतं. त्या दिवशी वाहनतळ रिकामा, एसटी नाही, दुकानं बंद. प्राध्यापक ‘अचानक आजारी’. त्यांच्या जागी विशीतला एक पोरगा, गळ्यात कंपनीचं कार्ड, हातात माइक. तो म्हणाला की परवानगी आहे, पण वरच्या बाजूनं जावं लागेल आणि सुट्टीच्या दिवशीचं विशेष शुल्क माणशी १,२५० रोख भरावं लागेल. पुढच्या सीटवरच्या गृहस्थांनी पटकन काढून दिले. ते बघून मागच्यांनी दिले. आम्हीही दिले. ते पुढचे गृहस्थ त्यांचेच होते का, हा विचार अजून रात्री छळतो. बस भरलेली होती, तेव्हा हिशेब तुम्हीच करा.

मग आम्हाला व्ह्यू पॉइंटवर नेलं. दरीच्या पलीकडच्या अंगाला, उंचावर. खाली वाघोरा नदीचं नालाकृती वळण, आणि समोरच्या कड्यात काळ्या चौकटींची ओळ. दिसतं सुंदर, खोटं कशाला बोलू. पण ती लेणी आहेत आणि आम्ही दरीच्या या बाजूला! पोरगा माइकवर म्हणाला, “१८१९ साली जॉन स्मिथ या इंग्रज अधिकाऱ्यानं इथूनच लेणी पाहिली. हीच खरी ऐतिहासिक जागा. आत काय, सगळेच जातात.” पुढे त्यानं सांगितलं की ही सगळी लेणी एका अखंड खडकात वरून खाली कोरत आणली. अहो, तसं कोरलंय ते वेरूळचं कैलास मंदिर, सोळा नंबरचं, राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळातलं! मी मोठ्यानं सांगितलं, तर म्हणतो, “मॅडम, मतमतांतरं आहेत.” सासरे कठड्याला धरून उभे होते. त्यांनी एवढंच विचारलं, “डोली कुठाय?”

बसमध्ये आरडाओरडा झाला. उद्या वेरूळला सगळी भरपाई करतो, असं आश्वासन मिळालं. मंगळवारी वेरूळचं फाटक बंद. ‘साहेब रजेवर.’ मग शेजारच्या घृष्णेश्वराला नेलं आणि ‘हेही धार्मिक स्थापत्यच’ असं ऐकवलं. अहिल्याबाई होळकरांनी जीर्णोद्धार केलेलं देऊळ आहे, ज्योतिर्लिंग आहे, हात जोडले. पण तिथल्या दर्शनाला तिकीटच नाही. उरलेला दिवस एका पैठणीच्या दुकानात गेला. चहा, पंखा, साड्यांवर साड्या. दुकानदार त्या पोराशी कोपऱ्यात काय बोलत होता ते लपत नव्हतं. टूरमध्ये खरेदीसाठी दोन-दोन तास थांबवतात तेव्हा समजा, कमिशन तुमच्या वेळेतून निघतंय. संध्याकाळपर्यंत फोनवरचा माणूस ‘स्विच ऑफ’.

आम्ही बस सोडली. पदरचे पैसे घालून राहिलो आणि बुधवारी स्वतः अजिंठ्याला गेलो. तिकीट माणशी ४० रुपये. चाळीस! तिकिटाच्या खिडकीवर मला रडू फुटलं, नवऱ्यानं बाजूला नेलं. डोलीवाले तिथेच असतात, ठरवता येतात. पर्यटन मंत्रालयाचं ओळखपत्र गळ्यात असलेले गाइडही असतात. कार्ड हातात घेऊन फोटो आणि मुदत बघायची, खरा गाइड रागावत नाही. आमच्या गाइडनं सासऱ्यांना एक नंबरच्या लेण्यात गाभाऱ्याच्या दाराशी, डाव्या हाताच्या भिंतीसमोर उभं केलं आणि म्हणाला, थोडं थांबा, डोळे अंधाराला सरावू द्या. आधी नुसता तपकिरी अंधार. मग मुकुट, मग झुकलेली मान, अर्धवट मिटलेले डोळे, आणि बोटांत हलकेच धरलेलं निळं कमळ. छापील चित्रात न दिसणारी एक गोष्ट सांगते : भुवया एका ओघात ओढल्यात, कुंचला उचललेला नाही. वीस वर्षं मुलांना ती रेघ तुटक शिकवत होते मी. सव्वीस नंबरच्या चैत्यगृहातला, म्हणजे प्रार्थनेच्या दालनातला, महापरिनिर्वाणाचा आडवा बुद्ध डोळे भरून पाहिला आणि परतलो. फ्लॅश वापरू नका, बंदी आहे आणि ती योग्य आहे.

आता तक्रारीचं. हे वाचताना पाणी पिऊन घ्या.

तिथल्या पोलीस चौकीत विचारलं, “पैसे कुठून पाठवले?” पुण्यातून. “मग पुण्यात तक्रार द्या.” पुण्यात विचारलं, “घटना कुठे घडली?” तिकडे. “मग तिकडे द्या.” मी झीरो एफआयआरचं नाव काढलं. गुन्हा कोणत्याही हद्दीतला असो, दखलपात्र असेल तर माहिती नोंदवून घ्यावी लागते, हे २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेत लिहिलेलं आहे. तर साहेब माझ्याकडे न बघता नवऱ्याला म्हणाले, “वहिनींचा अभ्यास दांडगा दिसतो.” मग युक्तिवाद सुरू. सहल झाली ना? बस होती ना? जेवण दिलं ना? मग फसवणूक कशी, सेवेत त्रुटी झाली, दिवाणी बाब आहे. बनावट सरकारी पत्र दाखवलं तर म्हणे, “मूळ प्रत कुठे आहे?” अहो, फसवणारा मूळ प्रत स्पीड पोस्टानं पाठवतो का? शेवटी साधा अर्ज घेतला, तोही पोच मागितल्यावर. पोच घेतल्याशिवाय खुर्चीवरून उठू नका. अर्जात ‘फसवणूक, भारतीय न्याय संहिता कलम ३१८’ असं स्पष्ट लिहा, पूर्वीचं ४२० ते हेच. आणि बनावट पत्राचा मुद्दा वेगळा मांडा, दोन्ही एकात मिसळलं की ‘व्यवहाराचा वाद’ म्हणून बाजूला सारतात.

बँकेत गेले. “पिन तुम्हीच टाकलात ना?” हो. “मग आम्ही काय करणार?” खातेदाराचं नाव सांगणार नाहीत, गोपनीयता. माझे पैसे गेले आणि गोपनीयता त्याची! एका पर्यटन कार्यालयात बाईंनी फार आस्थेनं ऐकून घेतलं, पाणी दिलं, आणि खासगी टूरवाल्यांशी आमचा संबंध नाही असं सांगून एक माहितीपत्रक हातात ठेवलं. माहितीपत्रकावर पद्मपाणी होता. तीन टेबलांवर तीन वेळा तीच कहाणी सांगितली आणि प्रत्येकानं शेवटी तेच विचारलं, “पण मॅडम, शिकलेल्या दिसता, तुम्ही कशा फसलात?” हा प्रश्न विचारायचा पगार मिळतो यांना?

यूपीआयनं पैसे गेले असतील तर कळल्याक्षणी १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा, दुसऱ्या दिवशीची वाट बघू नका. पैसे पुढच्या खात्यात सरकायच्या आत अडवता आले तरच उपयोग. आम्ही सोमवारी संध्याकाळीच लावायला हवा होता, पण बसमधल्या सगळ्यांना वाटत होतं की उद्या वेरूळ दाखवेल. तो ‘उद्या’ त्यांच्या धंद्याचाच भाग आहे. चॅटचे स्क्रीनशॉट ताबडतोब काढा. आमच्या ग्रुपवरचे निम्मे मेसेज बुधवारी सकाळी ‘डिलीट’ झाले होते. रोख रकमेची पावती मागा, देत नसेल तर पैसे देतानाचा व्हिडिओ घ्या, लाजू नका.

ग्राहक आयोगात तक्रार टाकली आहे. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला शुल्क नाही, वकील लागत नाही, आणि आपण राहतो त्या जिल्ह्यात दाखल करता येते. दोन वर्षांची मुदत असते. मार्गदर्शनासाठी १९१५ ही राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन आहे. पावतीवरच्या पत्त्यावर पाठवलेली नोटीस ‘पत्ता अपुरा’ म्हणून परत आली. तो लिफाफाही फेकलेला नाही, पुरावा आहे.

परवा तीच जाहिरात नव्या नावानं दिसली. फोटो तेच, डोली तीच, ‘निवृत्त प्राध्यापक’ तेच, भाव मात्र ८,२५०. कार्यक्रम अजून रविवार-सोमवारचा आहे; गुरुवारी मेसेज येईल. आमच्या त्या बसमधल्या कुणाच्या नजरेस हे पडलं तर यूपीआयच्या नोंदी आणि त्या पत्राचा फोटो जपून ठेवा. एकाच कारणासाठी अनेक ग्राहकांना आयोगाच्या परवानगीनं एकत्र तक्रार करता येते, आणि एकटीला ‘वहिनी’ म्हणून वाटेला लावलं तसं बसभर माणसांना लावता येणार नाही.